'समन्वय' : एका शब्दाची चिकित्सा

'समन्वय' म्हणजे भिन्न मतांचा मेळ, हा अर्थ आज रूढ आहे. ब्रह्मसूत्रांच्या पहिल्या अध्यायास 'समन्वयाध्याय' म्हणतात. परंतु तेथे उपनिषदांतील वाक्यांचे तात्पर्य एका ब्रह्मातच आहे, एवढेच प्रतिपादन आहे. परमतांशी मेळ तेथे अभिप्रेत नाही. दुसऱ्या अध्यायात तर बौद्ध मताचे खंडनच आहे. खंडन करणारा निदान प्रतिपक्षाचे वेगळेपण मान्य करतो. बुद्धास विष्णूचा अवतार ठरविणारा तथाकथित समन्वय मात्र ते वेगळेपणच पुसून टाकतो. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे बाबासाहेबांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांपैकी पाचवी प्रतिज्ञा नेमकी हीच कल्पना नाकारते. मेळ उभयपक्षी संमतीने होतो. एकाने दुसऱ्यास गिळणे यास आम्ही समन्वय म्हणणार नाही.