मिठाला लागणारा वेळ

(भिवंडी येथील व्याख्यानाचे शब्दांकन)

मंडळी, आज 'माय नेम इज सॉल्ट' या माहितीपटाबद्दल बोलू. दिग्दर्शिका फरीदा पाचा, मूळच्या मुंबईच्या. २०१३ साली ॲमस्टरडॅमच्या इडफा महोत्सवात या माहितीपटाला पहिल्या कृतीसाठीचं पारितोषिक मिळालं. लांबी ९२ मिनिटं. निवेदन नाही, मुलाखती नाहीत.

कच्छचं छोटं रण. पावसाचं पाणी ओसरलं की मीठ पिकवणारी कुटुंबं तिथे येतात आणि आठेक महिने राहतात. त्यातल्या एका कुटुंबाबरोबर कॅमेरा राहतो. गेल्या मोसमात चिखलात पुरून ठेवलेला पंप ते उकरून काढतात. जमिनीखालचं खारं पाणी उपसतात, वाफे पायांनी तुडवून घट्ट करतात, दाताळं ओढत राहतात. पुढच्या पावसात हे सगळं पुसलं जाणार, हे त्यांना ठाऊक असतं.

'फार संथ आहे हो, झोप येते,' असं कुणी म्हणेल. मला ते पटत नाही. मीठ घाईने पिकत नाही. दाताळ्याची तीच ती फेरी आपण पाचव्यांदा पाहतो, तेव्हा कंटाळा येतो खरा. पण तो कंटाळा त्या माणसाच्या दिवसातलाच आहे. पाचा तो कापून टाकत नाहीत, हा त्यांचा प्रामाणिकपणा. पंपाचा आवाज ऐका. आपल्याकडे यंत्रमागाच्या खडखडाटात माणसं झोपतात आणि माग थांबला की दचकून उठतात. तसंच आहे हे. आवाज थांबला की पोटात गोळा येतो.

माझी तक्रार वेगळी आहे. लुट्झ कोनरमान यांचं छायाचित्रण इतकं देखणं आहे की पांढऱ्याशुभ्र क्षितिजापुढे हिशेब मागे पडतो. व्यापाऱ्याची उचल, मिठाचा दर्जा, त्यावर ठरणारा भाव, हे येतं, पण ओझरतं. हे रण रानगाढवांचं अभयारण्यही आहे. मग पिढ्यान्‌पिढ्या इथे राबणाऱ्यांचा या जमिनीवर हक्क काय? नुसतं पाहत राहून हा प्रश्न दिसत नाही. तो कुणीतरी विचारावा लागतो. संथ माहितीपटाची मर्यादा मला इथे दिसते.

तरीही हा माहितीपट भिवंडीत दाखवायलाच हवा. तिकडे मीठ पिकवणाऱ्याला 'अगरिया' म्हणतात. आपल्याकडे आगरी. दोन्ही नावांत आगर आहे, मिठाचं आगर. ठाणे-वसईच्या खाडीकाठी मिठागरं होती, शेजारी खारजमिनीतली भातशेती होती. आता आपण गोदामांचं शहर म्हणून ओळखले जातो. वाफा कसा तुडवायचा हे सांगू शकणारी म्हातारी माणसं अजून काही घरांत असतील. त्यांच्याजवळ कॅमेरा घेऊन बसायला आठ महिने लागतील. इथल्या तरुणांनी ते द्यावेत, एवढंच माझं म्हणणं. आणि पाचांनी जो हिशेब ओझरता ठेवला, तो त्यांनी नीट विचारावा.