सई परांजपे : घरगुती अवकाशाची दिग्दर्शिका

सई परांजपे यांच्या चित्रपटांना 'निखळ विनोदी' असे संबोधण्याची सवय समीक्षेला जडलेली आहे. हे विशेषण गौरवाचे वाटले, तरी त्यामुळे त्यांच्या सामाजिक जाणिवेकडे दुर्लक्ष होते. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिक्षण, आकाशवाणीवरील उमेदवारी आणि दिल्ली दूरदर्शनवरील दीर्घ अनुभव असा त्यांचा प्रवास आहे. अपुरी साधने, मोजकी पात्रे आणि एखादी खोली यांतून माणूस उभा करण्याची शिस्त त्यांना दूरदर्शनने दिली, असे म्हणता येते.

'स्पर्श' (१९८०) मधील अंध मुख्याध्यापक अनिरुद्ध प्रेक्षकांकडे दया मागत नाही. कविताचे प्रेमही त्याला उपकारासारखे वाटू लागते. करुणेच्या आड लपलेला अहंकार येथे उघडा पडतो. 'चष्मेबद्दूर' (१९८१) मध्ये 'चमको' साबण पावडरचे प्रात्यक्षिक दाखविणारी तरुणी नायिका आहे. हा प्रसंग हसवतो खरा, पण दारोदार फिरणाऱ्या नोकरदार मुलीला तो प्रतिष्ठाही देतो.

मराठी नाटकावर आधारित 'कथा' (१९८३) अधिक कठोर आहे. चाळीतील कासव राजाराम शेवटी संध्याला मिळवतो, परंतु ससा असलेला बाशू तिला फसवून निसटून गेल्यानंतरच. लबाडाला शिक्षा नाही, सज्जनाला निर्भेळ विजय नाही. या शेवटाला सुखान्त म्हणणे धाडसाचे ठरेल.

'दिशा' (१९९०) मध्ये एक भाऊ मुंबईच्या गिरणीत जातो, तर दुसरा गावी वर्षानुवर्षे विहीर खोदत राहतो. शहरात दाटीवाटीने राहणाऱ्या कामगारांची खोली आणि कोरड्या गावातील खड्डा या दोन अवकाशांचा ताण चित्रपटभर जाणवतो. शहर ही एकमेव वाट आहे, हे गृहीतक तो नाकारतो. इंझोरीसारख्या वाशीम जिल्ह्यातील कोरडवाहू भागाच्या वाचकाला हा प्रश्न परका वाटणार नाही. विहिरीला पाणी लागणे सोयीस्कर आहे, असा आक्षेप घेता येईल. मात्र तोपर्यंतच्या श्रमांची वर्षे चित्रपट झाकत नाही.

उलट 'साज' (१९९७) मध्ये दोन गायिका बहिणींचा दीर्घ जीवनपट मांडताना ही पकड सैल होते. कालावधी वाढतो, प्रसंगांची गर्दी होते आणि घरातील बारीक ताण भावनाट्यात विरून जातो. त्यांची प्रतिभा विस्तारापेक्षा एकाग्रतेत अधिक फुलते, हे येथे प्रकर्षाने जाणवते.