पडद्यावरील गंध आणि कादंबरीतील रंग : सचिन कुंडलकर यांच्या निर्मितीचा विचार

प्रस्तावना :

मराठीत कादंबरीकार आणि चित्रपट दिग्दर्शक या दोन्ही भूमिका गांभीर्याने निभावणारे कलावंत मोजकेच आहेत. विश्राम बेडेकर यांनी चित्रपटसृष्टीत वावरत असतानाच 1939 मध्ये ‘रणांगण’ लिहिली. मात्र त्यानंतर ते कादंबरीकडे वळले नाहीत. अलीकडच्या काळात या संदर्भात सचिन कुंडलकर यांचे नाव घ्यावे लागते. ‘रेस्टॉरंट’ हा चित्रपट आणि मौज प्रकाशनाने काढलेली ‘कोबाल्ट ब्लू’ ही कादंबरी, दोन्ही 2006 मधील. अशा लेखकाच्या गद्याला ‘चित्रदर्शी’ म्हणून मोकळे होण्याची आपल्या समीक्षेची सवय आहे. कुंडलकरांच्या बाबतीत हे विशेषण अपुरे पडते. जे माध्यम जिथे तोकडे पडते, नेमके तिथेच ते त्याला कामाला लावतात, हे दाखवण्याचा प्रस्तुत लेखाचा प्रयत्न आहे.

‘गंध’ : पडद्याला न दाखवता येणारे

‘निरोप’ला 2007 चा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यानंतरच्या ‘गंध’ने पटकथेसाठी आणि ध्वनिलेखनासाठीही राष्ट्रीय पुरस्कार मिळवले. वास पडद्यावर दिसत नाही, ऐकूही येत नाही. तरीही या चित्रपटातील तिन्ही कथा त्यावरच उभ्या आहेत. पहिल्या कथेत चित्रकला महाविद्यालयात नोकरी करणारी, घरी ‘दाखवण्याच्या’ कार्यक्रमांना कंटाळलेली वीणा एका विद्यार्थ्याच्या अंगच्या गंधाने ओढली जाते. तिसऱ्या कथेत मासिक पाळीमुळे ‘बाजूला बसलेली’ कोकणातील स्त्री घरातील व्यवहार वासावरून ओळखते. घराने तिला उंबऱ्याबाहेर ठेवले तरी वासाला उंबरा नसतो. जी इच्छा आणि जे दुःख बोलून दाखवण्याची घरात मुभा नाही, ते या कथांत गंधाच्या वाटेने प्रकट होते. ध्वनिलेखनाचा पुरस्कार या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. न दिसणाऱ्या वासाची जाणीव प्रेक्षकाला पावसाच्या, भांड्यांच्या, श्वासाच्या आवाजातूनच होऊ शकते.

याच पहिल्या कथेवरून त्यांनी 2012 मध्ये ‘अय्या’ हा हिंदी चित्रपट केला. तारांकित नटसंच आणि नृत्यगीते लाभल्यावर वीणाची मूक ओढ हा प्रेक्षणीय प्रकार झाला. कथासूत्र तेच राहिले. संयम मात्र गेला. साधनांची विपुलता कलाकृतीला नेहमीच पोषक ठरते असे नाही, हे या तुलनेवरून दिसते. दहा वर्षांनी, 2022 मध्ये, त्यांनी ‘पाँडीचेरी’ संपूर्णपणे स्मार्टफोनवर चित्रित केला, याचीही येथे नोंद घ्यावी लागते.

‘कोबाल्ट ब्लू’ : शब्दाला न रंगवता येणारे

छापील पानावर निळा रंग उमटत नाही. कादंबरीचे नाव मात्र रंगाचेच आहे. पुण्यातील मध्यमवर्गीय घरात वरच्या खोलीत एक भाडेकरू येतो. तनय आणि अनुजा हे भाऊबहीण, एकमेकांच्या नकळत, त्याच्या प्रेमात पडतात. अनुजा त्याच्याबरोबर निघून जाते आणि काही महिन्यांनी एकटीच परतते. तनयचे निवेदन त्या निघून गेलेल्या माणसाला ‘तू’ म्हणून संबोधते. अनुजाचे निवेदन दैनंदिनीच्या वळणाने येते. भाडेकरूला नाव नाही, स्वतःचे निवेदनही नाही. दोन दुःखे एकाच छपराखाली शेजारी राहतात. त्यांपैकी मुलीच्या दुःखाची घराला निदान लाज तरी वाटते. मुलाच्या दुःखाची दखलच नाही. 2006 मध्ये समलिंगी संबंध भारतीय दंड संहितेच्या कलम 377 नुसार गुन्हा होते. तरीही कादंबरी न्यायालयाची भाषा बोलत नाही, ती घरातल्या शांततेची भाषा बोलते.

कादंबरीचा चित्रपट :

जेरी पिंटो यांच्या 2013 च्या इंग्रजी अनुवादामुळे कादंबरी मराठीबाहेर पोहोचली. सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये प्रौढांचे परस्परसंमतीचे समलिंगी संबंध कलम 377 च्या कक्षेतून वगळले. कादंबरीवरील चित्रपट त्यानंतर, 2022 मध्ये, नेटफ्लिक्सवर आला. कथा 1996 च्या फोर्ट कोचीत नेली गेली. आता पडद्यावर निळा रंग प्रत्यक्ष उपलब्ध होता आणि भाडेकरूला प्रतीक बब्बर यांचा चेहरा मिळाला. अडचण येथेच निर्माण होते. कादंबरीतील ‘तू’ची जागा प्रत्येक वाचक आपापल्या हरवलेल्या माणसाने भरतो, पडद्यावर ती जागा आधीच भरलेली असते. चित्रपट देखणा आहे, परंतु पुण्यातील त्या घराचा कोंडलेपणा समुद्राकाठच्या प्रकाशात विरळ होतो.

निष्कर्ष :

1. ‘गंध’ आणि ‘कोबाल्ट ब्लू’ या कृतींचे बळ माध्यमाच्या मर्यादेचा कलात्मक उपयोग करण्यात आहे.

2. ‘अय्या’ व ‘कोबाल्ट ब्लू’ या चित्रपटांत जे सूचित होते ते दृश्य झाले आणि आशयाची तीव्रता उणावली.

3. साहित्यकृतीवरील चित्रपटाचे अध्यापन करताना ‘मूळ कृतीशी इमान’ एवढीच कसोटी लावणे पुरेसे नाही. मूळ कृतीने काय लपवले होते आणि का, हा प्रश्न विद्यार्थ्यांपुढे आधी ठेवला पाहिजे. लेखक आणि दिग्दर्शक एकच असला तरी त्या प्रश्नातून त्याची सुटका होत नाही.