हक्कांचे कप्पे आणि एकसंध माणूस

आंतरराष्ट्रीय कायद्याच्या अभ्यासकांना गेली वीस-पंचवीस वर्षे एका प्रश्नाने घेरले आहे. या कायद्याचे तुकडे पडले आहेत, तो विखंडित झाला आहे, आता तो पुन्हा एकसंध कसा करायचा, असा तो प्रश्न. संयुक्त राष्ट्रांच्या आंतरराष्ट्रीय विधी आयोगात मार्टी कोस्केनिएमी यांच्या नेतृत्वाखाली एका अभ्यासगटाने या विषयावरचा विस्तृत अहवाल २००६ साली पूर्ण केला. व्यापाराचा कायदा वेगळा, समुद्राचा वेगळा, पर्यावरणाचा वेगळा, मानवी हक्कांचा वेगळा. प्रत्येकाची समिती वेगळी, न्यायासन वेगळे. एकाच प्रश्नाला दोन ठिकाणी दोन उत्तरे मिळाली तर कोणते मानायचे? या पेचावर उपाय म्हणून १९६९ च्या व्हिएन्ना करारातील एकतिसाव्या कलमाकडे बोट दाखवले गेले. कोणताही करार एकटा वाचू नये, पक्षांना लागू असलेल्या इतर नियमांच्या सोबतीने वाचावा, असे ते कलम सांगते.

ही चिंता खोटी नाही. मात्र ती न्यायासनावर बसलेल्या माणसाची चिंता आहे. त्याला दोन निकालांतील विसंगती सलते. ज्याला न्यायासनाच्या पायरीपर्यंतच पोचू दिलेले नाही, त्याला सलणारी गोष्ट दुसरी आहे. त्याचे दुःख एक असते आणि ते ऐकणारी दारे नऊ असतात. प्रत्येक दार त्याला म्हणते, यातला आमचा भाग तेवढा सांगा. विखंडनाची चर्चा या बाजूने फार कमी झाली आहे. ती करावी, म्हणून हा लेख.

प्रथम हे कप्पे कसे पडले ते पाहू. १९४८ च्या मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यात मतस्वातंत्र्य आणि अन्न, न्यायालयासमोरील समानता आणि काम, हे सारे एकाच कागदावर होते. त्याला कायद्याचे बळ देण्याची वेळ आली तेव्हा संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १९५२ साली एकाऐवजी दोन करार करायचे ठरवले. १९६६ साली ते दोन करार मंजूर झाले. एकात नागरी आणि राजकीय हक्क, दुसऱ्यात आर्थिक, सामाजिक आणि सांस्कृतिक हक्क. त्याच्या आदल्या वर्षी, १९६५ मध्ये, वांशिक भेदभावाविरुद्धचा करार झालेला होता. पुढे स्त्रियांसाठी १९७९ मध्ये, छळाविरुद्ध १९८४ मध्ये, बालकांसाठी १९८९ मध्ये, स्थलांतरित कामगारांसाठी १९९० मध्ये, आणि अपंग व्यक्तींसाठी व सक्तीने बेपत्ता केलेल्यांसाठी २००६ मध्ये करार झाले. असे नऊ प्रमुख करार. या नऊपैकी एकाही करारात 'जात' हा शब्द नाही.

१९५२ ची ही वाटणी आपल्या अनुभवाशी ताडून पाहिली पाहिजे. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्यावर बाबासाहेबांनी आणि त्यांच्या सोबतच्या हजारोंनी ओंजळीने पाणी घेतले. तो हक्क कोणत्या करारात बसतो? सार्वजनिक जागेत समान प्रवेश म्हणावे तर तो नागरी हक्क. पाणी म्हणावे तर तो आर्थिक-सामाजिक हक्क. बोले ठराव १९२३ सालीच झाला होता, म्हणजे कागदावरचा नागरी हक्क होताच. पण पाणी मिळत नव्हते. आणि पाणी दुसरीकडून आणून दिले असते तरी माणूसपण मिळाले नसते. महाडला या दोन्ही गोष्टी एकाच ओंजळीत होत्या. उच्च न्यायालयाचा अनुकूल निकाल यायला १९३७ साल उजाडले. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने पाणी आणि स्वच्छता हा मानवी हक्क असल्याचा ठराव केला तो २०१० साली. सर्व मानवी हक्क अविभाज्य आणि परस्परावलंबी आहेत हे वाक्य व्हिएन्नाच्या जागतिक परिषदेने १९९३ मध्ये उच्चारले. ते महाडच्या लोकांनी सहासष्ट वर्षे आधी आचरणात आणले होते, आणि त्याबद्दल डोकी फोडून घेतली होती.

आता आजच्या वास्तवाकडे येऊ. टोपलीच्या संडासातला मैला उचलणारी स्त्री घ्या. तिचे काम तिला तिच्या जातीने दिले. म्हणून तिचा प्रश्न वांशिक भेदभावाच्या समितीकडे जावा. टोपली बाईच्या डोक्यावर आली, म्हणून तो स्त्रियांच्या समितीकडे जावा. कामाची स्थिती अमानुष आहे, तिला फुफ्फुसाचा आणि कातडीचा आजार आहे, म्हणून तो आर्थिक-सामाजिक हक्कांच्या समितीकडे जावा. तिची मुलगी शाळा सोडून तिच्याबरोबर जाते, म्हणून बालहक्क समितीकडे. काम सोडले तर गावात राहू देणार नाहीत अशी धमकी आहे, म्हणून सक्तीच्या मजुरीबद्दल आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेकडे. प्रत्येक समितीचे अहवालाचे वर्ष वेगळे, नमुना वेगळा. शिवाय भारताने यांपैकी कोणत्याही समितीकडे व्यक्तीने स्वतः तक्रार नेण्याची वाट मान्य केलेली नाही. ती बाई एकच आहे. कायद्याने तिचे पाच तुकडे केले आणि पाचही ठिकाणी ती अपुरी ठरली.

इथे कोणी म्हणेल, मग उपाय सरळ आहे. सगळे करार एकत्र वाचा, एकात्मता आणा. मी ज्या महाविद्यालयात शिकवतो तिथल्या चर्चासत्रांतही हेच ऐकतो. माझ्या घरात पदवीचा कागद माझ्याबरोबर पहिल्यांदा आला. 'आपण सगळे एकच' हे वाक्य मी शाळेपासून ऐकत आलो आहे, आणि ते नेमके कोणत्या वेळी म्हटले जाते हेही पाहत आलो आहे. आमच्यावरच्या अन्यायाचे नाव घेण्याची वेळ आली की ते वाक्य पुढे येते. म्हणून एकात्मता या शब्दाची झडती घेतल्याशिवाय मी तो स्वीकारणार नाही.

इतिहास या संशयाला पुष्टी देतो. १९४८ साली जाहीरनाम्याच्या दुसऱ्या कलमाची चर्चा चालू असताना 'जन्म' या शब्दाऐवजी 'जात' हा शब्द घालावा अशी सूचना खुद्द भारताच्या प्रतिनिधींनी केली होती. मग 'सामाजिक मूळ' आणि 'इतर दर्जा' हे शब्द पुरेसे व्यापक आहेत, त्यांत सर्व काही येते, असे म्हणून त्यांनीच तो आग्रह सोडला. व्यापक शब्द राहिला, जात गेली. व्यापकपणाच्या पोटात जात अशी विरून गेली की पुढची सुमारे पन्नास वर्षे ती जिनिव्हात कोणाला दिसली नाही.

वांशिक भेदभावाच्या कराराची कथा याहून बोलकी आहे. या कराराच्या पहिल्या कलमात भेदभावाचे पाच आधार दिले आहेत: वंश, वर्ण म्हणजे रंग, 'डिसेंट' म्हणजे माणूस कोणत्या कुळपरंपरेत जन्मला ते, राष्ट्रीय मूळ आणि वांशिक मूळ. यातला 'डिसेंट' हा शब्द १९६५ साली भारताच्याच दुरुस्तीमुळे आला. १९६८ साली भारताने करार स्वीकारला. १९९६ मध्ये भारताचा अहवाल समितीपुढे आला तेव्हा सरकारचे म्हणणे होते की 'डिसेंट' म्हणजे वंशच, जातीचा त्याच्याशी संबंध नाही. समितीने ते मान्य केले नाही. हा शब्द केवळ वंशापुरता नाही, अनुसूचित जाती-जमातींची स्थिती या कराराच्या कक्षेत येते, असे तिने स्पष्ट नोंदवले. २००१ च्या डरबन परिषदेत सरकारने पुन्हा तोच पवित्रा घेतला आणि अंतिम दस्तऐवजात जातीचा उल्लेख आला नाही. २००७ सालीही सरकारची भूमिका बदललेली नव्हती.

डरबनच्या वेळी काही नामवंत समाजशास्त्रज्ञांनीही सांगितले की जात म्हणजे वंश नव्हे. यात आम्हाला नवीन काय सांगितले? जात ही वंशावर आधारलेली नाही हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच सिद्ध केले आहे. पण कराराने विचारलेला प्रश्न वेगळा आहे. जात हा वंश आहे का, असे तो विचारत नाही. जन्मलेल्या कुळावरून माणसाचे हक्क नाकारले जातात का, असे तो विचारतो. या प्रश्नाचे उत्तर भारतातले शेंबडे पोरही देईल. एका शब्दाचे उत्तर दुसऱ्या शब्दाला देऊन विद्वानांनी सरकारची सोय केली.

जे १९४८ साली झाले, ते आजही परदेशात घडते आहे. कॅलिफोर्नियात जातिभेदाला स्पष्ट नावानिशी बंदी घालणारे विधेयक दोन्ही सभागृहांनी मंजूर केले. ऑक्टोबर २०२३ मध्ये तिथल्या राज्यपालांनी ते परत पाठवले. कारण काय? असा भेदभाव सध्याच्या कायद्यातील आधारांनी आधीच निषिद्ध आहे, म्हणून वेगळा शब्द अनावश्यक. ब्रिटनमध्ये २०१० च्या समानता कायद्यात जातीचा समावेश करण्याची तरतूद होती. २०१८ साली सरकारने ठरवले की न्यायालयीन निकाल पुरेसे आहेत. व्यापक शब्दात सारे येते, हा युक्तिवाद सत्तर वर्षे तसाच आहे. सारे येते, पण फिर्याद घेऊन जाणाऱ्याला प्रत्येक वेळी पहिल्यापासून सिद्ध करावे लागते की तो त्या 'साऱ्या'त येतो. फेब्रुवारी २०२३ मध्ये सिॲटल शहराने जातीचे नाव घेऊन बंदी घातली, तिचे महत्त्व यातच आहे.

तेव्हा कप्प्यांना सरसकट वाईट म्हणता येत नाही. वेगळी समिती होती म्हणूनच १९९६ साली जात दिसली. याच समितीने २००२ साली एकोणतिसावी सर्वसाधारण शिफारस काढून जातीवर आणि तत्सम वारशाने चालणाऱ्या व्यवस्थांवर आधारलेला भेदभाव कराराचे उल्लंघन असल्याचे सांगितले, आणि अशा समाजांतील स्त्रियांवरच्या दुहेरी-तिहेरी अन्यायाची वेगळी नोंद घेतली. ही नोंद तिथेच थांबली नाही. २००९ साली आर्थिक-सामाजिक हक्कांच्या समितीने 'जन्म' या आधाराचा अर्थ लावताना त्यात जात धरली. २०१० साली स्त्रियांच्या समितीनेही स्त्रीच्या भेदभावाची जातीशी सांगड घातली. एका कप्प्यात मिळवलेला शब्द दुसऱ्या कप्प्यांत गेला. खरी एकात्मता ही अशी झाली. ती वरून कोणी दिली नाही. दलित संघटनांनी समित्यांपुढे पर्यायी अहवाल ठेवले, पाठपुरावा केला, तेव्हा ती खालून घडली.

आपल्या न्यायालयांतही या दोन्ही शक्यता दिसतात. २७ मार्च २०१४ रोजी सफाई कर्मचारी आंदोलनाच्या याचिकेवर निकाल देताना सर्वोच्च न्यायालयाने संविधानाबरोबर मानवी हक्कांचा जाहीरनामा, वांशिक भेदभावाचा करार आणि स्त्रियांचा करार हे तिन्ही एका रांगेत ठेवले. १९९३ पासून गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना दहा लाख रुपये देण्याचा आदेश दिला. २०२३ साली ही रक्कम तीस लाख झाली. मैला उचलणाऱ्या बाईचे तुकडे जोडण्याचा तो एक प्रयत्न होता. उलट एप्रिल २०२१ मध्ये पाटण जमाल वली खटल्यात न्यायालयाने अंध, स्त्री आणि अनुसूचित जातीची अशा तिहेरी ओळखीवर एकाच वेळी होणाऱ्या आघाताचे उत्तम विवेचन केले, बलात्काराची शिक्षा कायम ठेवली, पण ॲट्रॉसिटी कायद्याखालची शिक्षा मात्र टिकली नाही. त्या वेळी लागू असलेल्या तरतुदीनुसार गुन्हा जातीच्या कारणावरून झाल्याचा स्वतंत्र पुरावा हवा होता. विचार एकसंध झाला, पुराव्याचा नियम मात्र तुकड्यांचाच राहिला. २०१६ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने ती अट बदलून पीडितेची जात आरोपीला ठाऊक असणे पुरेसे ठरवले. एका कलमातले दोन शब्द बदलण्याला किती अर्थ असतो, हे यावरून कळावे.

माझ्या मते निकष एवढाच असावा: एकात्मता कोणाच्या जागेवरून सुरू होते? ती वरच्या पायरीवरून सुरू झाली तर 'माणूस' या शब्दाखाली जात झाकली जाते. ती सर्वांत खालच्या पायरीवर उभ्या असलेल्या बाईपासून सुरू झाली तर तिला लागणारा प्रत्येक करार तिच्याभोवती गोळा होतो, आणि जातीचे नाव पुसावे लागत नाही. श्रेणीबद्ध विषमतेच्या समाजात यापेक्षा दुसरी सुरुवात न्याय्य ठरू शकत नाही.

कार्यकर्त्यांनी म्हणून कोणत्याही एका समितीवर अवलंबून राहू नये. अत्याचाराची माहिती गोळा करतानाच तिच्यात जात, लिंग, काम, आरोग्य, मुलांची शाळा या सर्व बाजू एकाच कागदावर नोंदवाव्यात, आणि तोच कागद प्रत्येक दारी न्यावा. शिक्षकांनी २००२ ची शिफारस आणि २०१४ चा निकाल मराठीत आणून वर्गात वाचावा. १९४६ साली अमेरिकेतील निग्रो संघटनेने संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची बातमी वाचून बाबासाहेबांनी ड्युबॉईस यांना पत्र लिहिले आणि त्या अर्जाची प्रत मागवली. संयुक्त राष्ट्रांच्या स्थापनेला तेव्हा एक वर्षही झाले नव्हते. आज अर्ज करण्याची दारे पुष्कळ आहेत. त्या दारांसमोर आपला प्रश्न तुकड्यांत मांडायचा की सबंध मांडायचा, हे ठरवणे मात्र आपल्या हातात आहे.