पालेकरांना बसस्टॉपवरून सोडवा

अमोल पालेकरांचं ‘ऐवज’ हे आत्मकथन २०२४ साली आलं आणि गप्पा पुन्हा जुन्याच जागी जाऊन बसल्या. ‘रजनीगंधा’, ‘छोटी सी बात’, ‘गोलमाल’, बसस्टॉपवर ताटकळणारा साधाभोळा नायक. हाच माणूस चार दशकं दिग्दर्शन करत आला, हे बोलण्याच्या ओघात राहूनच जातं. मुंबई-पुण्याला हा विसर चालत असेल. येडशी-धाराशिवकडच्या प्रेक्षकाला तो चालू नये, कारण मराठवाड्याच्या अंगावर काटा आणणाऱ्या वास्तवाला पडद्यावर नजर भिडवली ती याच दिग्दर्शकाने.

परभणी जिल्ह्यातल्या मानवतमध्ये १९७२ ते ७४ या काळात गुप्तधन आणि मूल यांच्या हव्यासापायी बायकांचे, कोवळ्या मुलींचे बळी गेले. त्यावर विजय तेंडुलकरांच्या लेखणीतून ‘आक्रीत’ हा चित्रपट उभा राहिला आणि १९८१ मध्ये पालेकरांनी चित्रपट-दिग्दर्शनाची सुरुवात त्यानेच केली. ‘गोलमाल’ येऊन तेव्हा दोनच वर्षं झाली होती. ज्या सोज्वळ चेहऱ्यावर घराघरांनी जीव टाकला, तोच चेहरा त्यांनी ‘आक्रीत’मधल्या खलनायक मुकुटरावाला दिला. लोकप्रियता अशी पणाला लावणारे नट मराठीत हाताच्या बोटांवर मोजावेत.

ही धमक छबिलदास शाळेतल्या प्रायोगिक रंगभूमीवरची. जे. जे.त चित्रकला शिकलेला हा तरुण सत्यदेव दुबेंच्या तालमीत घडला, १९७२ मध्ये ‘अनिकेत’ ही नाट्यसंस्था काढली, ‘गोची’ हे नाटक केलं, आणि बादल सरकारांच्या ‘जुलूस’मध्ये नट आणि प्रेक्षक यांच्यामधली भिंतच काढून टाकली. प्रेक्षक हा गिऱ्हाईक नव्हे, घडणाऱ्या गोष्टीचा साक्षीदार आहे, हा त्या प्रयोगांचा पाया होता.

‘बनगरवाडी’त (१९९५) तो पाया पक्का दिसतो. व्यंकटेश माडगूळकरांच्या कादंबरीतल्या मास्तराच्या भूमिकेत पालेकरांनी मराठवाड्याच्याच रंगभूमीतून आलेले चंद्रकांत कुलकर्णी घेतले. धनगरांच्या वाडीवर एक कोवळा मास्तर येतो, पोरं जमवतो, वाडीकडून तालीम बांधून घेतो, आणि शेवटी दुष्काळ सगळी वाडी उठवून नेतो. कुणी छाती पिटत नाही. माणसं मेंढरं घेऊन निघतात, मागे मोकळी घरं उरतात. दसरा-दिवाळीनंतर येडशीच्या हमरस्त्यावर उभं राहिलं की ऊसतोडीला निघालेल्या माणसांत हेच दिसतं: ट्रॉलीत भांडीकुंडी, सरपण, शेळी, वर बसलेली पोरं, उचल घेतलेलं जोडपं म्हणजे साखर कारखान्याच्या लेखी एक कोयता. त्या निघण्याला आवाज नसतो. पालेकरांनी तो नसलेला आवाज ऐकला होता.

त्यांच्या बाकीच्या चित्रपटांपैकी ‘थोडासा रूमानी हो जायें’ गोड आहे. ‘पहेली’ देखणी आहे, ऑस्करसाठी गेलीही. पण पालेकर तिच्यात कमी आणि सजावट जास्त. ‘समांतर’बद्दल न बोललेलं बरं. ‘दायरा’ आणि र. धों. कर्व्यांवरचा ‘ध्यासपर्व’ मात्र पुन्हा त्याच धाडसाचे.

आता आजचा ग्रामीण मराठी चित्रपट पाहावा. ‘फँड्री’सारखे मोजके अपवाद सोडले तर गाव वरून, ड्रोनमधून दिसतं. मराठवाडी बोली तोंडात येते ती हशा वसूल करायला. ‘लई’, ‘हाव की’ म्हणणारं पात्र आलं की ते बावळट असणार, हे ठरलेलं. दुष्काळ आला तर त्याच्यावर गाणं. ही गावाची चित्रं नाहीत, गावाची नक्कल आहे, आणि ज्यांची नक्कल होते त्यांच्याकडूनच तिकिटाचे पैसे घेतले जातात. बालाघाटाच्या कुशीतली माणसं हसण्यासाठी जन्मलेली नाहीत. चाळीस वर्षांपूर्वी एका मुंबईकर नटाला जे कळलं, ते आज इथल्याच मातीतून वर आलेल्या दिग्दर्शकांना कळत नसेल, तर दोष प्रेक्षकाच्या आवडीवर ढकलू नये. प्रेक्षकाला ‘आक्रीत’ दाखवलाच कुणी? धाराशिव, परभणी, लातूरच्या महाविद्यालयांत नाटक-सिनेमाची शिबिरं भरतात, त्यांत पहिल्या दिवशी ‘आक्रीत’ आणि दुसऱ्या दिवशी ‘बनगरवाडी’ लागला पाहिजे. ‘गोलमाल’ टीव्हीवर लागतोच आहे.