शंभर झलकांमधलं गाव

योनास मेकास यांच्या ‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुएनिया’ (१९७२) या माहितीपटात कॅमेरा कुठे ठरतच नाही. म्हातारी आई अंगणात चूल पेटवते आहे. नीट पाहावं म्हणेपर्यंत कॅमेरा झाडांकडे वळतो, तिथून भावाच्या चेहऱ्याकडे, पुन्हा धुराकडे. पहिल्यांदा पाहताना डोळे शिणतात. चावीच्या बोलेक्स कॅमेऱ्यावर मेकास कधी एकेक चौकट, कधी जेमतेम सेकंदभर टिपत जातात. ही अधीरताच मला या चित्रपटाचा प्राण वाटते. एवढ्या वर्षांनी घरी आलेल्याची नजर एका जागी टिकणार कशी?

मेकास आणि त्यांचा धाकटा भाऊ आडोल्फास १९४४ मध्ये सेमेनिश्केइ हे गाव सोडून निघाले. वाटेत नाझींनी पकडून हाम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्नच्या श्रमछावणीत डांबलं. युद्धानंतर निर्वासितांच्या छावण्या, १९४९ मध्ये न्यूयॉर्क. आई पुन्हा दिसली ती थेट १९७१ मध्ये.

त्या भेटीच्या भागाला नावच आहे ‘लिथुएनियाच्या शंभर झलका’. झलकांच्या मधूनमधून पडद्यावर आकडे येतात. आकडा वाढतो तसा जीव खालीवर होतो, कारण मोजायला घेतलेलं कधीतरी संपणार. भाऊ विळे परजून गवत कापायची हौस भागवतात, एकत्र गातात, विहिरीचं पाणी पितात. पाण्याची ती चव मेकास निवेदनात कुठल्याही दारूच्या वर ठेवतात. हे निवेदन अडखळत, जड लिथुएनियन हेलात येतं. इतकी वर्षं परक्या भाषेत काढूनही तो हेल पुसलेला नाही, आणि त्यांनी तो लपवलेलाही नाही.

तेव्हा लिथुएनिया सोव्हिएत सत्तेखाली होता. तिथलं राजकीय वास्तव का दाखवलं नाही, हा प्रश्न मेकास स्वतःच निवेदनात घेतात आणि सांगतात की आपण घर शोधत निघालेले विस्थापित आहोत, आपल्याला त्यातलं काय ठाऊक! मला हे उत्तर प्रामाणिक वाटतं. पत्रकाराचा आव आणला असता तर आईची चूल पार्श्वभूमीला गेली असती.

पुढे एल्म्सहॉर्न येतं. छावणीची तिथे कुणाला आठवण उरलेली नाही. आपली खाट होती त्या जागी आडोल्फास आडवा होतो. एका निवेदनाने झालं नसतं ते काम हा एक देह करतो.

शेवटचा व्हिएन्नाचा भाग काहींना सैल वाटतो. मला तो अटळ वाटतो. तिथे भेटणारे पीटर कुबेल्का हे चित्रपटकार. मेकास यांच्याबरोबर न्यूयॉर्कमध्ये ‘अँथॉलॉजी फिल्म आर्काइव्ह्ज’ उभारणाऱ्यांपैकी एक. ती संस्था १९७० मध्ये सुरू झाली होती. म्हणजे आईला भेटायला गेलेल्या मेकास यांनी त्याआधीच दुसऱ्या घराचा पाया घातला होता, रक्ताच्या नात्यांऐवजी कामाच्या सोबतीवर.