न मानलेल्या देवांची राखण

नॉर्स देवकथा आज वाचता येतात त्या मुख्यतः आइसलँडच्या स्नोरी स्टर्लुसन यांच्यामुळे. १२२० च्या सुमारास त्यांनी ‘एडा’ लिहिली तेव्हा तो देश ख्रिस्ती होऊन दोन शतके उलटली होती. स्वतः ख्रिस्ती असलेल्या स्नोरींनी तरुण कवींना बजावले की, या देवांवर विश्वास ठेवू नका, पण कथा विसरू नका. नाहीतर जुनी कविता कळणार नाही. प्रस्तावनेत तर हे देव ट्रॉयहून आलेली माणसेच ठरवली. तरीही कथा सांगताना ते हात आखडत नाहीत. ज्ञानासाठी एक डोळा देणारा ओडिन शेवटी फेनरिर लांडग्याच्या तोंडी जातो.

“दुसऱ्यांच्या देवांच्या गोष्टी आपण का वाचायच्या?” सोलापुरात उर्दू माध्यमाच्या वर्गात आम्हांला हा प्रश्न येतो. तेव्हा श्रीगोंद्याचे शेख महंमद आठवतात. सतराव्या शतकात ‘योगसंग्राम’ लिहिणाऱ्या या संताने स्वतःला ‘अविंध’ म्हणवले, पुराणातली नावे घेतली आणि बळी मागणाऱ्या दैवतांवर कोरडेही ओढले.

स्नोरी देवांना दूर ठेवून जपतात, शेख महंमद भांडत भांडत जवळ जातात. आम्हांला दुसरी वाट मोलाची वाटते. स्नोरींच्या देवांना उघड पूजणारे उरले नव्हते. आमच्या तर शेजारच्या घरात आरती चालू असते. मराठीच्या धड्यात ‘कर्णासारखा दाता’ आले की आमचे मूल अडखळते. ईमान शाबूत ठेवूनही ते अडखळणे थांबवता येते, एवढे आम्ही वर्गात सांगतो.